अकरा मिनिटांचे बाबा

"काढ! हा म्हातारा काढ! आख्खा काढ!"

पोलंडहून आलेला एडिटर असा ओरडला की काशीमीऱ्याच्या हायवेवर दोन ट्रेलर आपसूक न्यूट्रलला आले. ओरडला इंग्रजीत म्हणून मी वाचलो. कारण ज्या म्हाताऱ्याला काढायचं होतं, ते माझे बाबा इस्त्रीचा शर्ट घालून आमच्या मागेच प्लास्टिकच्या खुर्चीत बसले होते.

"काय म्हणतायत रे साहेब?"

"चेहरा फार बोलका आहे म्हणतायत."

बाबांनी कॉलर सारखी केली.

साहेब आमच्या गोदामातल्या स्टुडिओत एक परदेशी सिनेमा एडिट करायला आले होते, मी त्यांचा असिस्टंट. माणूस म्हणजे चालती कात्री! विनोदी सिनेमे, युद्धपट, बाहुल्यांचे सिनेमे, गाईंवरची डॉक्युमेंटरी, सगळं कापून झालेलं. अर्ध्या पोलंडातले कलाकार त्यांना बघून फुटपाथ बदलायचे. पुढे स्वतः डायरेक्टर झाले, तर पहिल्याच सिनेमातून हिरॉइन उडवली. हिरॉइन त्यांची बायको. सिनेमाला बक्षीस मिळालं. "बक्षीस अजून माझ्या कपाटात आहे," साहेब सांगायचे, "बायको दुसऱ्याच्या घरात." आणि गडगडाटी हसायचे. मीही हसायचो. मलाही तसलंच बक्षीस हवं होतं.

माझी पहिली फिल्म बाबांच्या गॅरेजवर होती; त्या दिवशी साहेबांना तीच दाखवत होतो. जॅक सरकला आणि त्यांचा धाकटा भाऊ ट्रकखाली गेला, हा विषय बाबांनी घरात कधीच काढला नव्हता. कॅमेऱ्यापुढे मात्र अकरा मिनिटं बोलले. रडले.

"रडायचं काम हाच उरकून टाकतो, मग प्रेक्षकानं काय करायचं?" साहेब म्हणाले. "बोल्ट आवळणारे हात ठेव. चेहरा, आवाज, बाहेर."

मी बाबांना वडापाव आणायला पाठवलं. ते परत येईपर्यंत फिल्ममधून नाहीसे झाले होते. वडापाव तिघांनी खाल्ला. गरम होता.

फिल्म दाखवायला बाबांनीच सोसायटीचा हॉल घेतला, स्वतः खुर्च्या मांडल्या. रत्नागिरीहून आत्याला बोलावून घेतलं. तिला फोनवर म्हणाले होते, "ये तू. धाकट्याबद्दल सगळं बोललोय मी. एकदाचं."

फिल्म संपली. टाळ्या अशा पडल्या की छताचा गिलावा खाली आला, असं मी अजून सांगतो. सेक्रेटरी बसल्या जागेवरूनच ओरडला, "अंकल, आप तो दिखे ही नहीं! बेटे ने टिकट काट दिया क्या?" हॉल हसला. सवयीनं मीही हसलो.

आत्या हसली नाही. ती खुर्च्यांमधून वाट काढत बाबांपाशी आली.

"दादा, ते हात तुझेच ना रे?"

बाबा खुर्च्या एकात एक घालत होते.

"असतील गॅरेजातल्या कुणाचेतरी."