पंधरा मिनिटांचा शेअर

मला सांगा, पंधरा मिनिटांसाठी घेतलेली वस्तू घरात किती दिवस राहू शकते? हसू नका. माझ्याकडे दीड महिना राहिली!

एप्रिलात आमच्या गारखेड्यातल्या घरचा कूलर जळाला. नव्याचे पैसे यांनी विश्वासानं माझ्याकडे दिले. बिचारे! मी नुकतीच मोबाइलवर शेअरचा क्लास करून महापंडित झाले होते ना. क्लासमध्ये एकच गोष्ट शंभरदा सांगितली होती: आधी महिन्याचा, आठवड्याचा चार्ट बघून दिशा ठरवा, मग पंधरा मिनिटांच्या चार्टवर खरेदीची वेळ साधा. एवढं कोण चढणार-उतरणार? मी थेट पंधरा मिनिटांचाच उघडला. सगळं हिरवंगार! अख्खा कूलर एका पंपाच्या कंपनीत घातला.

"चहा उकळेपर्यंत विकते," मी यांना म्हणाले.

चहा वर आला, शेअर खाली गेला.

"विकून टाक," हे म्हणाले.

"थांबा हो, तासाचा चार्ट चांगलाय!"

दुपारपर्यंत तासाचाही लाल झाला. मग मी दिवसाचा धरला, मग आठवड्याचा. आणि खरंच, जितक्या मोठ्या मुदतीचा चार्ट, तितका तोटा बारीक दिसतो. महिन्याच्या चार्टवर तर आमचा कूलर बुडाल्याचं शोधूनही सापडेना! केवढा दिलासा!

मे उजाडला. भिंतींना हात लावला तर चटका बसायचा.

"आज कोणता चार्ट?" ओला पंचा डोक्यावर टाकत हे विचारायचे.

"महिन्याचा. तीन वर्षांत बघा कसा वर जातो!"

"व्हय का? मग मी तीन वर्षं असाच वाळत पडतो."

एका दुपारी हे घरातून गायब. मी शोधत होते, तर शेजारच्या शबानाभाभींनी दारातून हाक मारली, "बाजी, भाईसाब तो हमारे कूलर के सामने सो रहे!"

"उठवा की त्यांना!"

"नक्को बाजी, इत्ती अच्छी नींद लगी."

मी तणतणत गेले, मोबाइल हातात, महिन्याचा चार्ट उघडून. यांनी एक डोळा उघडला.

"आलतो पंधरा मिनिटांसाठीच," हे म्हणाले. "आता महिन्याचं बघतोय."

भाभी पदर तोंडाला लावून हसत होत्या. मीही पाचच मिनिटं टेकते म्हणून कूलरसमोर बसले, ती दिवेलागणीला उठले.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाजार उघडताच मी शेअर विकला आणि आलेल्या पैशांत एक टेबल फॅन आणला.