हात जोडायचे नसतात

रेणूच्या घरी गेलं की आधी वास यायचा. शुगर लँडमधली आमची सगळ्यांची घरं बाहेरून सारखीच, विटांची, दोन गाड्यांच्या गराजची. आत शिरल्यावर मात्र कुणाकडे फोडणीचा वास, कुणाकडे कार्पेट शॅम्पूचा आणि रेणूकडे उदबत्तीचा. तिचं देवघर पँट्रीत, डाळींच्या डब्यांच्या वरच्या शेल्फवर. दिवेलागणीला तिथं उदबत्ती लागायची आणि अधूनमधून हॉलच्या छतावरचा स्मोक अलार्म कोकलायला लागायचा. मग तिचा नवरा सत्यजित टॉवेल फडकावत अलार्मखाली नाचायचा, आणि लहानगा ईशान त्याच्यामागे नाचायचा. अलार्म कंपनीचा फोन आला की रेणू शांतपणे सांगायची, "नो फायर. ओन्ली गॉड."

ती मूळची नागपूरची. काउंटीच्या लायब्ररीत नोकरीला होती. बोलणं कमी, पण तोंडावर. कुणाचं वरण पातळ झालं असेल तर पातळ झालंय म्हणून सांगायची आणि वर दुसऱ्यांदा वाढून घ्यायची. माया करतानाही शब्द वाया घालवायची नाही. ईशान परीक्षेला, मॅचला, पुढे ऑस्टिनला कॉलेजला निघाला की ती दारात त्याच्या चेहऱ्यावरून दोन्ही हात उतरवायची आणि आपल्या कानशिलांवर कडाकडा बोटं मोडायची. ईशान त्याला पॉपकॉर्न म्हणायचा. सहा फुटांचा झाल्यावरही दारात गुडघे वाकवून, डोकं पुढे करून उभा राहायचा. "आई, पॉपकॉर्न. क्विक, आय ॲम लेट."

तो एकोणतीस वर्षांचा असताना, ऑगस्टमध्ये, हायवेवर एका ट्रकनं लेन बदलली.

फ्युनरल होमनं आधीच सांगितलं होतं की उदबत्ती ठेवा, पण पेटवू नका, फायर कोड आहे. रेणूनं न पेटवलेली उदबत्ती ईशानच्या उशाशी ठेवली आणि हात जोडायला गेली. शेजारी मोरेश्वरदादा उभे होते. सत्यजितचे मोठे चुलत भाऊ, प्लेनोहून ड्राइव्ह करून आलेले, आणि त्या खोलीत काय करायचं ते नीट माहीत असलेले एकटेच. त्यांनी तिचे जवळ येणारे तळवे धरले आणि वेगळे केले.

"रेणू, आईबापांनी लेकराला हात जोडायचे नसतात."

मायेनंच म्हणाले. त्यांचा स्वतःचा आवाज फुटला होता. ईशानच्या मित्रांनी हात जोडले, त्याच्या धाकट्या बहिणीनं, अनिकानं जोडले. रेणूला आपल्या हातांचं काय करायचं ते कळेना. शेवटी तिनं पर्स धरली. दाहिनीचं लोखंडी दार बंद होईपर्यंत ती दोन्ही हातांनी पर्स धरून उभी होती.

फोटो देवघरात ठेवायचा नाही, हेही दादांनी सांगितलं. देवांत माणसं ठेवत नाहीत, दक्षिणेच्या भिंतीवर लावा. त्या घराच्या दक्षिणेच्या भिंतीवर थर्मोस्टॅट आहे. ईशान त्याच्या शेजारी लागला. सत्यजित एसी कमी करायला म्हणून उठायचा आणि तिथंच उभा राहायचा.

त्या दिवसापासून रेणूच्या घरातला वास गेला. देवांना फूल मिळायचं, निरांजन मिळायचं, उदबत्ती नाही. मी एकदा विचारलं. ती वाटाणे सोलत होती, मान वर न करता म्हणाली, "पँट्रीत लावली की हॉलमध्ये वास जातो. त्याला वाटेल, सगळ्यांना लावते, मलाच नाही."

मग त्याला लाव ना, मी म्हटलं.

"लावली की हात जोडले जातात. लावायची आणि नुसतं बघत उभं राहायचं, ते मला जमत नाही."

अनिका मिनेसोटात, ईडन प्रेरीला असते. तिला हे काही पटेना. फोनवर म्हणाली, "आई, जस्ट डू इट. कोण बघतंय?" रेणू म्हणाली, "मी बघतेय ना." त्यावर अनिकानं विषय बदलला.

अशी दोन वर्षं गेली. मग सत्यजित रिटायर झाला आणि घरात दोन गप्प माणसं दिवसभर समोरासमोर बसायला लागली. त्याच सुमारास आमच्या ग्रुपच्या प्रीतानं व्हिएतनामची टूर ठरवली. प्रीता म्हणजे पिकनिकला सुद्धा एक्सेल शीट काढणारी बाई. सत्यजितनं न विचारता दोघांची नावं दिली. रेणू भांडली नाही, याचंच आम्हाला जास्त वाईट वाटलं.

हनोईपासून तासाभरावर उदबत्त्यांचं गाव होतं. जानेवारीतलं फिकट ऊन पडलं होतं आणि अंगणभर उदबत्तीच्या काड्यांच्या जुड्या वाळत घातल्या होत्या. खालून बांधलेल्या, वरून फुलासारख्या पसरलेल्या. लालभडक. नजर टाकावी तिकडे लाल. मध्ये बसून फोटो काढायला स्टुलं मांडली होती, टोकदार गवती टोप्या भाड्यानं मिळत होत्या. प्रीतानं सगळ्या बायकांना पिवळं नेसायला सांगितलं होतं. रेणू राखाडी ड्रेसमध्ये. प्रीता म्हणाली, बस गं एका तरी फोटोला, ग्रुपमध्ये गॅप दिसतो. रेणू बसली. त्या फोटोत ती आहे, टोपी घालून, कॅमेऱ्याच्या जरा डावीकडे बघत.

फोटो झाल्यावर तिनं एक जुडी उचलून नाकाशी नेली. परत हुंगली. मग माझ्याकडे धरली. बांबूचा आणि रंगाचा वास होता, बाकी काही नाही. आमची गाइड लान, अनिकाच्याच वयाची, हसून म्हणाली की हे उदबत्तीचे नुसते पाय आहेत. सुगंधाचा लेप नंतर चढतो.

"म्हणजे तसलीच," रेणू म्हणाली. कसली ते मला कळलं, ईशानच्या उशाशी ठेवलेली. लानला कळलं नाही.

अंगण ज्यांचं होतं त्यांच्या घरात लाननं आम्हाला नेलं. पुढच्याच खोलीत उंच लाकडी चौरंगासारखं काहीतरी, त्यावर लाल दिवे, फळांची ताटली, बिस्किटांचा पुडा, राखेनं भरलेलं भांडं आणि धुरामागे काही फ्रेम. लाननं प्रत्येकीच्या हातात पेटवलेली उदबत्ती दिली. आम्ही चपला काढल्याच होत्या. कुणी डोक्यावरून ओढणी घेतली. प्रीतानं पुटपुटत गणपतीचं स्तोत्र म्हटलं. आपल्याला एवढंच माहीत, जिथं दिवा, फळ आणि उदबत्ती, तिथं देव. दोन वर्षं उदबत्तीला हात न लावलेल्या रेणूलाही परक्यांच्या देवासमोर नाही म्हणवेना. तिनं उदबत्ती राखेत खोचली, हात जोडले आणि चांगली कमरेतून वाकली.

मग लान एकेक फ्रेम दाखवायला लागली. हे पणजोबा. ही आजी. हा या बाईंचा नवरा. आणि हा धाकटा मुलगा, चार वर्षांपूर्वी मोटरसायकलवर गेला.

प्रीताचे जोडलेले हात झटकन खाली आले. फ्रेममधला मुलगा पंचविशीचा असेल. केस नीट विंचरलेले, फोटोसाठी घातलेला शर्ट, कॉलर मानेला सैल.

मागून त्या घरची म्हातारी आली. तिनं स्वतःची एक उदबत्ती पेटवली, राखेत खोचली, बाहीनं मुलाच्या फोटोची काच पुसली आणि काहीतरी कुरकुरली. लान ओशाळून हसली. म्हणाली, ती त्याला रागावतेय, एवढे पाहुणे आलेत आणि तू जागचा उठत नाहीस.

रेणू म्हातारीच्या हातांकडे बघत होती. तिनं लानला विचारलं, या हात जोडत नाहीत का? लाननं तिच्या भाषेत विचारलं. म्हातारीनं रेणूकडे असं पाहिलं, जणू हा काय प्रश्न झाला. दोनच शब्द बोलली.

"ती म्हणते, मी आई आहे," लाननं सांगितलं.

रेणूनं मान हलवली. बाहेर अंगणात, त्या लाल जुड्यांच्या मधल्या अरुंद वाटेवर, ती एकदम थांबली. मी मागून तिच्यावर आदळलेच.

"म्हणजे इथंही नाही," ती म्हणाली. मग, "मी त्याला हात जोडले गं. त्याचं नावसुद्धा मला माहीत नाही. त्याला वाकले मी. आणि माझ्या पोराला..."

मागून दुसरी टूर आत शिरत होती, त्यांना वाट द्यायला आम्ही बाजूला झालो.

बसमध्ये प्रीतानं जाहीर केलं की हॉटेलवर गेल्या गेल्या सगळ्यांनी डोक्यावरून आंघोळ करा. तिचा नवरा विक्रम म्हणाला, अगं, कुणाचं सुतक धरतेस, आडनाव तरी माहितीये का त्यांचं? बस हसली. प्रीता चिडून म्हणाली की थट्टेची गोष्ट नाही, देव समजून आपण नको तिथं नमस्कार केला, हे चांगलं नाही. मग तिचं लक्ष रेणूकडे गेलं. रेणू खिडकीशी बसून उजव्या हाताच्या बोटांना लागलेला लाल रंग डाव्या हाताच्या अंगठ्यानं घासत होती. तो रंग निघत नव्हता. दोन दिवसांनी एअरपोर्टवर सुद्धा दिसत होता.

पुढचं मला रेणूनं नाही, सत्यजितनं सांगितलं, इंडियन ग्रोसरीच्या रांगेत, हातात मेथीची जुडी धरून.

परत आल्यावर आठ-दहा दिवसांनी संध्याकाळी ती म्हणाली, अलार्म बंद कर. तो बंद होत नाही, घरभरच्या वायरिंगला जोडलेला आहे. मग त्याला हॉटेलातून उचलून आणलेली शॉवर कॅप आठवली. स्टुलावर चढून त्यानं ती अलार्मला घातली. तिचं इलॅस्टिक सैल, म्हणून हातानं धरून उभा राहिला. वरून त्याला रेणू दिसत होती. तिनं पँट्रीतून जुना पुडा आणला. दोन वर्षांत दमट झालेली उदबत्ती पटकन पेटेना. पेटली तेव्हा तिनं ती थर्मोस्टॅटखालच्या टेबलावर, तांदळाच्या वाटीत खोचली.

मग ती फोटोसमोर उभी राहिली आणि तिचे हात वर आले. जवळ आले. अगदी टेकायला आले आणि थांबले. सत्यजित म्हणाला, मला वरून ओरडावंसं वाटत होतं, जोड गं, जोडून टाक. पण ओरडलो नाही.

हात तसेच पुढे गेले. काचेवर, ईशानच्या कपाळापासून हनुवटीपर्यंत उतरले, आणि परत येऊन तिच्या कानशिलांवर गेले. संधिवातानं सुजलेली तिची बोटं, एरवी लोणच्याच्या बरणीचं झाकणही सत्यजितला उघडून द्यावं लागतं, ती कडाकडा मोडली. त्याला स्टुलावर ऐकू आली.

एवढं सांगून सत्यजित मेथीची पिवळी पानं खुडायला लागला. रांग पुढे सरकली होती, आम्ही दोघंही हललो नाही.

"दृष्ट आता कुणाची काढतेस, असं अगदी ओठांवर आलं होतं माझ्या," तो म्हणाला. "मी विचारलं, काढू का कॅप? म्हणाली, राहू दे. त्याची उदबत्ती संपायची आहे अजून."

म्हणून तो तसाच थांबला, एक हात छताला लावून. त्याचे गुडघे दुखतात, स्टुलावरून उतरताना कुणीतरी धरावं लागतं. रेणूचे दोन्ही हात परत काचेवर होते.