हाकेतला चटका

हरिदासभाऊ कोळसा खाणीतून निवृत्त झाले आणि भद्रावतीतल्या आमच्या गल्लीची शांतता गेली. मशीनच्या धडधडीवर ओरडून बोलायची सवय, ती घरीही सुटेना. त्यात हा माणूस कधी बसलेला मी पाहिला नाही. अंगण झाडायचं, झाडलेलं पुन्हा झाडायचं. त्यांच्या बायको सत्यशीलाबाई म्हणायच्या, "यायच्या पायाले भिंगरी हाय."

भाऊंचा जीव अडकला होता टिप्यात. दात पडलेला म्हातारा कुत्रा, पण दिवस कलला की मागच्या झुडपांकडे निघायचाच. त्या दिवसांत बिबट आमच्या भागातली कुत्री उचलायला लागला होता. टिप्याला बांधलं तर तो घसा बसेपर्यंत रडायचा. भाऊंना घास गोड लागेना.

मग मुलगा प्रफुल नागपूरहून विजेचा पट्टा घेऊन आला. पट्टा कुत्र्याच्या गळ्यात, रिमोट मालकाच्या हातात. एका बटणानं शिटी वाजे, दुसऱ्यानं चटका बसे. "बाबा, शिटीच वापरा," असं त्यानं बजावलंही. पण भाऊंना धीर कुठला! टिप्या कुंपणाबाहेर पडला की ते ओरडत, "टिप्या, घरी ये!" आणि लगेच चटका. नाही आला तर पुन्हा ओरड, पुन्हा चटका. पट्टा रात्रंदिवस गळ्यातच.

"काऊन जीव घेऊन राह्यले त्याचा?" बाई चिडायच्या.

"वाचवून राह्यलो! बिबट काय विचारून नेते?"

झालं भलतंच. भाऊंनी हाक मारली की टिप्या अंग चोरून उलटा झुडपांकडेच पळू लागला. एकदा तर बाईंनी त्याला अंधार पडता पडता उचलून आणला. भाऊ नुसते येरझाऱ्या घालत होते.

शेवटी टिप्याला दाखवायला नेलं; ढोरांच्या डॉक्टरांनी पट्टा काढला, तर खाली जखमा. ते भडकले. "म्हाताऱ्या, भेदरट जनावराले चटका द्यायचाच नाई. आन् पट्टा असा दिवसभर ठेवते का कोणी? तुमी हाक मारून चटका दिला, त्याले वाटते हाकेतूनच चटका निघते."

भाऊंनी पट्टा भंगारात टाकला आणि कुत्र्याचं नावच बदलायचं ठरवलं. म्हातारपणी बारसं! आम्ही पोट धरून हसलो. नाव ठेवलं राजा. बाई पोळीचा तुकडा दाखवून "राजा, राजा" करत राहिल्या आणि काही दिवसांत तो शेपूट हलवत यायला लागला.

मग भाऊंनी पोळी हातात घेतली. जमेल तितक्या हळू म्हणाले, "राजा, ये."

कुत्रा थरथरत मागे सरकला. नाव नवं होतं, आवाज तोच होता. भाऊंचा चेहरा मला बघवला नाही.

राजा आता बाईंच्या हाकेवर उजेड असतानाच घरी येतो. बिबट्याची भीती गेली. परवा मी त्यांच्याकडे गेलो तर भाऊ अंगणात अनवाणी फेऱ्या मारत होते.

"काय भाऊ, बरं हाय ना?" मी विचारलं.

त्यांनी दारात पहुडलेल्या कुत्र्याकडे पाहिलं, ओठांवर बोट ठेवलं आणि नुसती मान हलवली.