चपलांभोवतीची रेघ

शनिवारी सकाळी सात वाजता यशवंत आला नाही, तेव्हाच मला कळायला हवं होतं. चपला घालून मी दारात उभा. सव्वासात झाले, साडेसात झाले... मनातल्या मनात त्याला शिव्या घालून झाल्या आणि फोन वाजला. त्याची लेक होती. "काका, बाबा गेले. चहा पिता पिता." आदल्या संध्याकाळपर्यंत हा माणूस परळभर पायी फिरत होता. मी चपला न काढताच कॉटवर बसलो.

आम्ही दोघं परळच्या रेल्वे कारखान्यात एकाच दिवशी लागलो. तो फिटर, मी साइडिंगच्या, म्हणजे बाजूच्या रुळांवर उभ्या गाड्यांच्या, नोंदी ठेवणारा कारकून. इंजिनांचे क्लास त्याला तोंडपाठ, आणि माणसांनाही तो क्लास देऊन मोकळा होई. डब्ल्यूसीएम म्हणजे माल आणि प्रवासी दोन्ही ओढणारं इंजिन. ते नाव त्यानं बायकोला दिलं होतं, कारण शोभावहिनी शाळेतली नोकरी आणि घर दोन्ही ओढायच्या. मी डब्ल्यूडीएस, शंटिंगचा. "दिवसभर मागंपुढं, मागंपुढं, आणि यार्डाबाहेर पाऊल नाय," असं तो कँटीनभर सांगे. मला राग येई, पण खोटं काय होतं त्यात!

पुढे लाइनीतला करंट बदलला आणि जुन्या डीसीवर चालणारी, घाट चढणारी दांडगी डब्ल्यूसीजी-टू इंजिनं बिनकामाची झाली. त्यातलं एक आमच्या साइडिंगला 'स्टोअरला', म्हणजे पुढचा निर्णय होईपर्यंत राखून ठेवायला, आलं. असं उभं इंजिन आठवड्यातून एकदा जागचं हलवायचं, नाहीतर एकाच जागी वजन घेऊन त्याची बेअरिंगं खराब होतात. यशवंत चाकाच्या तळाशी खडूनं रेघ मारून ठेवी. पुढच्या शनिवारी रेघ तिथेच दिसली की आमची खैर नसे. एकदा इंजिन हलवायला शंटर मिळेना, म्हणून मी ती रेघ ओल्या फडक्यानं पुसली आणि वरच्या बाजूला नवी मारली. साहेब फसले. यशवंतनं चाकाकडे पाहिलंच नाही, रुळाकडे पाहिलं. गंज जसाच्या तसा होता. "सावंत्या, चाक फिरलं आणि रूळ झोपून राहिला काय रे?"

खंडेनवमीला आम्ही त्या इंजिनाला हार घालून नारळ फोडायचो. यशवंत बौद्ध, तो पूजेला उभा राहत नसे, पण आदल्या दिवशी इंजिन धुऊनपुसून तोच लख्ख करी आणि खोबऱ्याचा पहिला तुकडाही तोच उचली. शेवटी कंडेमचा कागद आला. इंजिन भंगारात निघालं, पण स्वतःच्या चाकांवर, एकदाही न कुरकुरता. त्या दिवशी यशवंतनं सगळ्यांना जिलेबी वाटली.

निवृत्तीनंतर माझी बायको गेली आणि मी घरात बसलो तो बसलोच. दीड महिना जिना उतरलो नाही. एका शनिवारी यशवंत आला, खिशातून खडू काढला आणि दारातल्या माझ्या चपलांभोवती रेघ मारली. "तुला स्टोअरला ठेवलाय, सावंत्या. कंडेम नाय केलेला. पुढच्या शनिवारी चपला हितंच दिसल्या तर बघ."

जित्याची खोड! शुक्रवारी मी चपला पायानं जरा सरकवून ठेवल्या. शनिवारी त्यानं त्या उचलून तळ पाहिले. स्वच्छ. "रूळ झोपलाय अजून," म्हणत दंडाला धरून त्यानं मला खाली नेलं, कारखान्याच्या भिंतीपर्यंत जाऊन परत. किती दिवसांनी हसलो मी त्या दिवशी! त्यानंतर आमचा एकही शनिवार चुकला नाही.

तो गेल्यावर तीन शनिवार मी पुन्हा घरातच काढले. चौथ्या शनिवारी त्याच्या लेकीचा फोन आला, "काका, आई खालीच उतरत नाय ओ." तेव्हा मात्र उठलो. त्यांच्या दारात वहिनींच्या चपला होत्या, वर धुळीचा थर. आत खुंटीवर यशवंतचा शर्ट तसाच लटकत होता. न विचारता मी खिशात हात घातला. खडू होता. गुडघे धरत खाली बसलो आणि चपलांभोवती रेघ मारली.

"भावोजी, आता तुम्ही पण?" वहिनी म्हणाल्या, आणि डोळे पुसता पुसता खुदकन हसल्या.

पुढच्या शनिवारी सातला गेलो. रेघेच्या आत चपला नव्हत्या आणि दाराला कुलूप होतं. शेजारच्या बाईंनी डोकं बाहेर काढलं.

"बाई कधीच्या गेल्या खाली. म्हणाल्या, सावंत भावोजींना सांगा, भिंतीजवळ थांबलेय, लवकर या."