लाल ठिपका

आमच्या गावात बंदुका दुरुस्त करणारा मिस्त्री आहे. पिस्तूल रिकामं आहे का, हे तो गोळीच्या जागेत करंगळी घालून बघतो. चहा पिऊन आला की पुन्हा बघतो.

मी मळ्यात एकटी राहते. परवान्याच्या छोट्या पिस्तुलाच्या नळीवरची नेम धरायची माशी मला दिसेना, म्हणून त्याने वर लाल ठिपका दाखवणारी काच बसवली.

"भिंतीकडं धरा आक्का. ठिपका कसा दिसतोय?"

"फुटलेल्या डाळिंबागत."

त्याने स्क्रू सोडून काच उतरवली.

"आधी मोतीबिंदू काढून या. म्होरं चोर हाय का तुमचा गडी, ते ठिपका सांगत न्हाय."

"आणि तवर?"

"दार लावून बसा की."

मला राग आला. पिस्तूल परत देताना त्याने पुन्हा करंगळी घातली. अशा माणसाशी काय भांडणार? मी डोळ्यांच्या दवाखान्यात नाव घातलं.