आजीचा धुरा

स्वतःचं कौतुक करताना मी कधी लाजले नाही, आताही लाजत नाही. सालेकशाकडच्या एका गोंड आजीवर मी माहितीपट केला होता. जंगलाला लागून तिच्या तीन बांध्या, म्हणजे धानाची तीन खाचरं. सासऱ्याच्याही आधीपासूनची वहिवाट, पण नावावर कागदाचा कपटा नाही. वीस मिनिटांचा पिक्चर. नागपुरात लोक डोळे पुसत बाहेर पडले आणि मी गोंदियाला परतले ती हवेतच.

मग वनहक्काचा कायदा आला आणि गावात दावे भरायला सुरुवात झाली. गावच्या वनहक्क समितीला जमिनीची हद्द हवी होती. कागद नसेल तर म्हाताऱ्या माणसांचं सांगणंही चालायचं. पण आजी कमरेचं हाड मोडून खाटेला खिळलेली. धुऱ्यावरून, म्हणजे शेताच्या बांधावरून, चालत हद्दीची झाडं, दगड दाखवणार कोण? तिच्या घरात धुरा तोंडपाठ असलेलं दुसरं कुणी उरलं नव्हतं. हद्द ठरली नाही तर दावा गेला, आणि जमीनही. आजीनं निरोप धाडला, "त्या बाईले सांगा, पिक्चर घेऊन यायले."

मी टीव्ही, प्लेअर, सगळं लटांबर घेऊन हजर! शाळेच्या वर्गात समिती बसली, आजीला खाटेसकट आणलं. पिक्चर संपला. कुणीही डोळे पुसले नाहीत.

"काऊन वो बाई," आजी म्हणाली, "माहा धुरा कुठी गेला?"

शूटिंगला तिनं मला अख्खी सकाळ धुऱ्यावरून फिरवलं होतं. हा बेहडा, हा सासऱ्यानं रोवलेला दगड, इथून नाला. एडिटिंगला बसल्यावर मीच म्हटलं होतं, एवढी झाडं कोण बघणार? ठेवली ती एकच जागा. मोहाच्या झाडाखाली तिची पहिली पोर पुरलेली, तिथं ती बसून रडली होती.

"सकाळभर दाखवला तुले. अन् तू रडणंच ठेवलं?"

"असं काय करता आजी? लोकांना कळायला नको?" मी फणकारले.

"मंग काय कळलं लोकायले? जमीन कुठवर हाये ते?"

माझं तोंड एवढंसं झालं. डोकं असं सटकलं, पण तिच्यावर नाही, माझ्याच शहाणपणावर. नशीब, टेपा पुसायची मला सवय नाही. दुसऱ्या दिवशी गोंदियाहून मूळ टेपा आणल्या, कॅमेरा टीव्हीला जोडला आणि एक सेकंदही न कापता लावलं.

समिती बघून राहिली, सचिव लिहून राहिला. मधूनच कुणीतरी ओरडायचं, "अबे, हा बेहडा तर अजून उभा हाये!" मोहापाशी टीव्हीतली आजी खाली बसली, रडायला लागली. सचिवानं पेन खाली ठेवला.

खाटेवरून आजी खेकसली, "लिही ना बाबा! धुरा अजून बाकी हाये."

टीव्हीत तिनं पदरानं तोंड पुसलं, उठली आणि नाल्याकडे निघाली. पुढं चांगला अर्धा तास चालत होती. त्याच सांगण्यावर तिचा दावा मंजूर झाला. माझ्या पिक्चरमध्ये मात्र ती मोहाखालीच बसून राहिली होती.