शनिवारी वाळत घातलेले मोजे

लेनर्ड बटरवर्थ परराष्ट्र खात्यात लागला तेव्हा ओल्डहॅममधल्या त्याच्या गल्लीला आठवडाभर दुसरा विषय नव्हता. बाप अमोस सूतगिरणीत, आई हॅना त्याच गिरणीत, आणि पोरगा शिष्यवृत्त्या पटकावत थेट बँकॉकच्या वकिलातीत! तिथे त्याचं नाव झालं ते गोड बोलण्यासाठी. भांडणाऱ्या दोघांनाही आपणच जिंकलो असं वाटायला लावून तो त्यांना एका टेबलावर चहाला बसवी. फक्त घरची चौकशी झाली की साहेब म्हणत, "वडील कापडाच्या व्यवसायात आहेत."

न्यायाधीशाच्या मुलीशी, सिसिलीशी, लग्न ठरून दोन वर्षं झाली तरी तिला घरी न्यायचं त्याने या ना त्या निमित्ताने टाळलं. शेवटी तो सुट्टीवर इंग्लंडला आला तेव्हा तिनेच ओल्डहॅमच्या गाडीची तिकिटं काढली, आणि नेमका कबुतरांच्या शर्यतीचा शनिवार निघाला.

अमोसचा जीव कबुतरांत. फ्रान्समध्ये पहाटे सोडलेली पाखरं दुपारी घरी पोचत. पाखरू खुराड्यात शिरलं की पायातली रबरी कडी काढून शर्यतीच्या खास घड्याळाच्या खाचेत टाकायची, तेव्हा कुठे वेळ धरली जाई. कपडा फडफडला की पाखरू बुजतं, म्हणून शर्यतीच्या शनिवारी गल्लीत कुणी धुणं वाळत घालत नसे. हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. सिसिलीला सांगायचं काम लेनर्डचं होतं, पण तो पठ्ठ्या सकाळपासून आईला काटे-चमचे कसे मांडायचे ते शिकवत बसला होता. सिसिलीने आपले लांब मोजे धुतले आणि परसातल्या दोरीवर टाकले.

दोन वाजता अमोसची निळी मादी आली, सगळ्यांच्या आधी. खुराड्यावर उतरता उतरता बिचकली आणि धुराड्यावर जाऊन बसली. अमोस दाण्यांचा डबा हलवत घसा कोरडा पडेपर्यंत बोलावत राहिला. पंचवीस वर्षांत असं पाखरू त्याला मिळालं नव्हतं. सात मिनिटांनी ती आत शिरली, तोवर पलीकडच्या गल्लीत जिंकल्याचा आरडाओरडा सुरू झाला होता.

"मोजे कुणी टांगले?" अमोसने विचारलं.

लेनर्डची जीभ सवयीने पुढे सरसावली. "आईच्या हातून झालं असेल, बाबा. वय झालंय तिचं."

"तुझी आई? चाळीस वर्षांत तिने शर्यतीच्या शनिवारी हातरुमाल वाळत घातला नाही!"

"मी घातले," दारातून सिसिली म्हणाली. "माझेच आहेत. मला माहीत नव्हतं. फार घोळ केला ना मी?"

"केलास खरा," अमोस म्हणाला. "पण केला म्हणालीस. ये पोरी, डबा धर. बाकीची पाखरं यायचीत." मग लेनर्डकडे न बघता, "तू आत जा. तुझ्या आईने सगळं ऐकलंय."

हॅना बटाटे सोलत होती.

"आई, मी..."

"माफी राहू दे. एवढंच सांग. आम्ही त्या पोरीसमोर कमी पडू, असं वाटलं ना तुला?"

बँकॉकला असल्या प्रश्नावर त्याच्याकडे दहा उत्तरं असती.

"हो," तो म्हणाला, आणि त्याला रडू फुटलं.

हॅनाने सुरी त्याच्या हातात दिली. "बस, सोल. आम्ही कोण ते तिला कळलं. आता तू कुणाचा आहेस, तेही कळू दे."